थाई दिग्दर्शक अपिचातपोंग वीरासेथाकुनचे सिनेमे कुठून पाहायला सुरुवात करावी? ते संथ का वाटतात?

सुरुवात 'सिंड्रोम्स अँड अ सेंच्युरी' (२००६) पासून करा. अपिचातपोंगचे आईवडील डॉक्टर होते, त्यांच्या आठवणींवर हा सिनेमा बेतलेला आहे. पहिला अर्धा भाग गावाकडच्या दवाखान्यात, दुसरा शहरातल्या हॉस्पिटलात. काही संवाद तेच, पण उजेड, भिंती आणि माणसांचं वागणं बदललेलं. हे दुभंगणं म्हणजे त्याच्या शैलीचा कणाच. 'ट्रॉपिकल मॅलडी'ही (२००४) असाच मधोमध तुटतो आणि प्रेमकथेतून थेट जंगलात शिरतो. 'ब्लिसफुली युअर्स'मध्ये (२००२) तर श्रेयनामावली पाऊण तासानंतर येते!

तो ईशान्य थायलंडमधल्या खोन केनमध्ये वाढला, तिथेच वास्तुकला शिकला, मग शिकागोत सिनेमा. त्यामुळे स्थिर कॅमेरा, लांब शॉट आणि खोलीची रचना याकडे लक्ष ठेवा. 'पुढे काय होणार' याची वाट पाहिलीत की कंटाळा ठरलेलाच. 'अंकल बुनमी'ला २०१० साली कान चित्रपट महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक, पाम द'ओर, मिळालं. त्या सिनेमाची प्रत्येक रीळ (फिल्मची गुंडाळी) वेगळ्या शैलीत आहे.

मोबाइलवर मात्र पाहू नका. रातकिडे, पंखे, दूरची वाहनं हे आवाज अर्धी गोष्ट सांगतात; कोलंबियातल्या 'मेमोरिया'त (२०२१) तर एका धप्प आवाजाचाच शोध आहे. खोली अंधारी हवी, हेडफोन चांगले हवेत.

आणखी एक: थायलंडच्या सेन्सॉरने 'सिंड्रोम्स'मधले प्रसंग कापायला लावले, तेव्हा तिथल्या प्रदर्शनात त्याने त्या जागी ओरखडलेली काळी, निःशब्द फिल्म जोडली. म्हणून अखंड आंतरराष्ट्रीय प्रतच शोधा.