बॅगेत राहिलेलं चॉकलेट

चि. बाळास,
अनेक आशीर्वाद. लायब्ररीतली मैत्रीण आवडते, तिला सांगू की नको, असं विचारणारं तुझं पत्र मिळालं.

तू दिवाळीत मागे लागलास म्हणून 'किमी नि तोदोके' ही जपानी अ‍ॅनिमे मालिका बघायला घेतली. पहिले दोन-तीन भाग गवार मोडता मोडता पाहिले, पुढे गवार तशीच राहिली. २००९चे २५ भाग संपले, २०११चे १२ही संपले. मध्ये मध्ये जाम वैतागले. ती नायिका सावाको आणि तिला आवडणारा वर्गातला काझेहाया, दोघं नुसती लाल होतात, एक वाक्य बोलायला चार-चार भाग लावतात!

"सावाको म्हणजे मीच," असं तू लिहिलंस. असशील. तिला सगळा वर्ग सादाको म्हणतो, भयपटातल्या भुताचं नाव. काझेहाया तेवढा तिला नीट 'कुरोनुमा' म्हणतो. जपानी शाळेत आडनावानंच हाक मारतात, म्हणजे त्यात विशेष काहीच नाही. पण जिला कुणी धड नावानंही हाक मारत नाही, तिला तेवढंही दिवसभर पुरतं. तुझी ती मैत्रीण लायब्ररीत तुला नावानं हाक मारते, हे तू पत्रात तीनदा लिहिलंयस. मी मोजलं.

"हे प्रेमच आहे का?" असं तू विचारतोस. सावाकोलाही ते कळत नव्हतं. शाळेतली कुरुमी तिला सांगते, इतर मुलांशीही बोलून बघ. कुरुमीचा डाव वेगळाच असतो, तिला स्वतःलाच काझेहाया हवा असतो. पण सावाको खरंच वर्गातल्या रयूशी बोलते आणि चक्क नीट बोलते. काझेहायासमोर होतं तसं काहीच होत नाही. तिथे तिला उमगतं. तूही चार जणींशी सहज बोलून बघ, मग तुझं तुलाच कळेल.

आता चॉकलेट. जपानमध्ये १४ फेब्रुवारीला मुली मुलांना चॉकलेट देतात. काही नुसतं रीत म्हणून, एखादंच मनापासून. सावाको बाकीच्यांना देते, काझेहायाचं मात्र हातातून सुटत नाही. ते मनातलं, म्हणून जड. आपल्याला तिचं मन दिसत असतं, म्हणून आपण हळहळतो. काझेहायाला काय दिसतं? सगळ्यांना मिळालं, मलाच नाही.

इथे मी थांबवून पाणी प्यायला उठले. कॉलेजात असताना बसस्टॉपवर एक मुलगा रोज "काय, आज लवकर?" म्हणायचा आणि मी चपलेच्या अंगठ्याकडे बघत राहायचे. छाती धडधडायची नुसती. पुढे बऱ्याच वर्षांनी एका लग्नात भेटला, बायको-मुलांसकट. हसत म्हणाला, "तू काय शिष्ट होतीस गं!" मी आणि शिष्ट! पण त्याचं तरी काय चुकलं? त्याला फक्त माझा भांग दिसत होता.

म्हणून "सांगू की नको" हा प्रश्न सध्या बाजूला ठेव. शाळेच्या गच्चीवर बोलावून 'तू मला आवडतेस' वगैरे तुला आत्ता झेपायचं नाही, आणि काझेहायासारखं इतके भाग थांबणारं माणूस फक्त पडद्यावर असतं. ती थांबेलच असं नाही, तिला तू आवडशीलच असंही नाही. तसं झालं तर दोन दिवस जेवू नकोस, तिसऱ्या दिवशी माझ्याकडे ये.

आणि मित्र जप. वॉशरूममध्ये मुली सावाकोच्या मैत्रिणी यानो आणि चिझू यांच्याबद्दल वाईटसाईट बोलत असतात, तेव्हा हीच मुखदुर्बळ सावाको त्यांच्यासमोर उभी राहते, ते शब्द मागे घ्या म्हणते. काझेहायाला मनातलं सांगायच्या कितीतरी आधी तिचा आवाज फुटतो तो मैत्रिणींसाठी. तो भाग मी दोनदा पाहिला.

तुझ्या त्या मैत्रिणीची अकाउंट्सची वही तुझ्याकडे आहे ना? मित्राच्या हाती परत पाठवणार होतास. तसं करू नकोस. सोमवारी स्वतः दे आणि देताना वहीकडे नको, तिच्याकडे बघ. "थँक्यू, तिसरं गणित नाही कळलं" एवढं बोललास तरी बास.

२०२४चा सीझन मी रविवारी सुरू करतेय. काय होतं ते आधी फोडलंस तर याद राख.

तुझी,
मावशी