‘कळतं पण वळत नाही’ : यातलं वळणं कोणतं?

प्रश्न तीन भागांत आला आहे. ‘कळतं पण वळत नाही’ यातल्या ‘वळत’चा अर्थ काय? ‘समजतं पण उमजत नाही’ ही तीच म्हण का? आणि जो जाणूनबुजून दुसऱ्याचं वाईट करतो, त्याला ती लावावी का? तिसरा भाग मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो, पण तिथे पोचायचं तर आधीचे दोन नीट सुटायला हवेत.

वळणे म्हणजे फिरणं, वाकणं, दिशा बदलणं. संस्कृतात याच अर्थाचा ‘वल्’ धातू आहे. मराठीने त्याला भरपूर कामाला लावलं आहे. वाती वळतात, दोर वळतात, लाडू वळतात, भीतीने बोबडी वळते, रस्ता वळतो, आणि रानात गुरं वळतात. म्हणीच्या सगळ्यात जवळचा अर्थ मला या शेवटच्या प्रयोगात दिसतो. चरायला सोडलेल्या गुरांतली एखादी गाय बांध ओलांडून पलीकडच्या ज्वारीकडे निघते. गुराखी काठी घेऊन तिच्या मागे धावला तर ती आणखी वेगाने पिकात शिरते. जाणता गुराखी मागे धावतच नाही. तो बांधाच्या कडेने आडवा पळतो, तिच्या पुढे जाऊन उभा राहतो, हाळी देतो आणि तिचं तोंड फिरवतो. तोंड फिरलं की बाकीचं अंग मागोमाग येतं. म्हणून गुरं हाकणं वेगळं आणि गुरं वळणं वेगळं. गाईला बांध कुठे संपतो ते कळत नाही, माणसाला कळतं. त्याला स्वतःच्याच पुढे जाऊन आडवं उभं राहायचं असतं, आणि तेवढं तो करत नाही.

वाईट वागण्याला मराठीने वाकण्याच्या भाषेत किती ठिकाणी पकडलं आहे पाहा. कुणी वाकड्यात शिरतो, कुणी आडमार्गाला लागतो, सुंभ जळला तरी पीळ जळत नाही. पसायदानातल्या ‘खळांची व्यंकटी’मधली व्यंकटी म्हणजेही वाकडेपणाच. आणि मुलाला चांगलं वागायला शिकवणं म्हणजे ‘वळण लावणं’. नदीचा बाक तो वळण, अक्षराचा घाट तो वळण, स्वभावाला लागलेली सवय तीही वळणच. न वळणारा माणूस सरळ रेषेत चाललेला नसतो, तर त्याला आधीचं एक वळण पडलेलं असतं आणि वळणाचं पाणी वळणावर जातं.

आता समजणं आणि उमजणं. हे जोडपं बरेच जण ‘कळतं-वळतं’च्या जागी वापरतात, पण दोन्हींचा रोख निराळा आहे. ‘समजतं पण उमजत नाही’ यात दोन्ही क्रिया ज्ञानाच्याच आहेत. शब्द समजला, त्यातलं मर्म आत पोचलं नाही. गणिताचं सूत्र पाठ आहे, ते तसं का, हे उमजलेलं नाही. ‘कळतं पण वळत नाही’ यात पहिली क्रिया ज्ञानाची आहे, दुसरी आचरणाची. हा फरक लहान नाही. ग्रीक विचारवंतांचा जुना वाद नेमका या दोन म्हणींच्या मधल्या जागेत बसतो. प्लेटोच्या ‘प्रोटॅगोरस’ या संवादात सॉक्रेटिसचं म्हणणं असं की खरोखर कळलेलं असताना कुणी वाईट निवडतच नाही; निवडलं, तर ते कळलेलंच नव्हतं. म्हणजे त्याच्या लेखी सगळा मामला उमजण्याचा. अॅरिस्टॉटलला हे पटत नाही. कळूनही न वळणारी माणसं असतात हे आपण रोज पाहतो, असं म्हणून तो ‘निकोमाखियन एथिक्स’च्या सातव्या भागात या दुबळेपणाचा, ग्रीकांच्या ‘अक्रासिया’चा, तपास करतो. तिथे त्याने दारूच्या अमलाखाली एम्पेडोक्लिस या जुन्या ग्रीक कवी-तत्त्वज्ञाच्या ओळी म्हणणारा माणूस आठवला आहे. ओळी अगदी बरोबर येतात, पण त्या क्षणी ते ज्ञान त्याच्या कामाचं नसतं. मोहाच्या क्षणी आपलं कळणं असंच ओठांवर राहतं, असं त्याचं म्हणणं. म्हणजे त्या क्षणी कळणं पुरतं जागं नसतं, एवढं सॉक्रेटिसचं म्हणणं त्यानेही मान्य केलंच.

आता व्याकरणाचा एक मुद्दा. माझ्या मते सगळ्या चर्चेचं मूळ इथे आहे. मराठीत असमर्थता सांगायला शक्य क्रियापद आहे : मला चालवत नाही, बोलवत नाही, जेववत नाही. धातूला ‘व’ लागला की ‘इच्छा आहे, पण होत नाही’ असा अर्थ येतो. मान आखडली की ‘मला वळवत नाही’ असंही आपण म्हणू. म्हणीत मात्र ‘वळवत नाही’ असं नाही, ‘वळत नाही’ असं आहे. वळता येत नाही असं म्हण कुठेच म्हणत नाही, ती फक्त वळणं घडत नाही एवढं नोंदवते. घोटाळा होतो तो ‘त्याला’मुळे. ‘त्याला कळतं’ यातली चतुर्थी पुढच्या क्रियेवरही पसरते, आणि कर्ता बाजूला सरतो. भूक लागावी, थंडी वाजावी, तसं न वळणंही त्याला होतं, तो ते करत नाही, असा भास तयार होतो. पूर्ण वाक्य केलं तर ते असं होईल : त्याला कळतं, पण तो वळत नाही. ‘तो’ परत आला की जबाबदारीही परत येते.

सिगारेट सुटत नाही, पहाटे उठणं होत नाही, अशा ठिकाणी हा भास फारसा कुणाला बाधत नाही. पण गावोगाव दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात घडणारी एक गोष्ट पाहा. 1994 साली महाराष्ट्राने आणि 2005 साली केंद्राने कायदा बदलून मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत मुलग्यांच्या बरोबरीचा हक्क दिला. तरी बहिणीला बोलावून घेतात, चहा पाजतात, पुढ्यात हक्कसोडपत्र, म्हणजे आपला वाटा सोडल्याचा कागद, ठेवतात. ‘ताई, तुझं माहेर तुटणार थोडंच आहे, सातबारा मोकळा होऊ दे.’ ती सही करते. नंतर कुणी विचारलं तर भाऊ म्हणतो, ‘आम्हालाही कळतं हो, पण वळत नाही.’ तिथे ही म्हण ऐकली की मला संताप येतो. त्या सहीसाठी त्याने तारीख ठरवली, मुद्रांक आणला, दोन साक्षीदार गाठले. एवढं सगळं करणारा हात वळत नव्हता, असं कसं म्हणायचं?

गीतेच्या तिसऱ्या अध्यायात अर्जुनाचा प्रश्न हाच आहे : ‘अथ केन प्रयुक्तोऽयं पापं चरति पूरुषः । अनिच्छन्नपि वार्ष्णेय बलादिव नियोजितः ॥’ इच्छा नसताना, जणू बळजबरीने जुंपल्यासारखा माणूस पाप करतो, तो कुणाच्या प्रेरणेने? यावर ओवी लिहिताना ज्ञानेश्वरांनी प्रश्नाला आणखी धार लावली. बी कोणतं आणि भूस कोणता हे आंधळ्याला निवडता येत नाही हे ठीक, पण ‘नावेक देखणाही तैसा बरळे कां पां’. नावेक म्हणजे क्षणभर. डोळस माणूसही क्षणभर तसाच कसा चुकतो? ‘कळतं पण वळत नाही’वरचं याहून चांगलं भाष्य मराठीत मला ठाऊक नाही.

याच्या शेजारी दुर्योधनाच्या तोंडचा प्रसिद्ध श्लोक ठेवा : ‘जानामि धर्मं न च मे प्रवृत्तिर्जानाम्यधर्मं न च मे निवृत्तिः । केनापि देवेन हृदि स्थितेन यथा नियुक्तोऽस्मि तथा करोमि ॥’ हा महाभारतातला म्हणून सांगितला जातो. तो मिळतो ‘पांडवगीता’ या स्तोत्रात. धर्म कळतो पण त्याकडे वळत नाही, अधर्म कळतो पण त्यातून मागे वळत नाही. म्हणजे आपली म्हणच. दोन्ही श्लोकांत क्रिया एकच आहे, जुंपलं जाण्याची : अर्जुनाचं ‘नियोजितः’, दुर्योधनाचं ‘नियुक्तः’. फरक एका ‘इव’चा, म्हणजे ‘जणू’चा. अर्जुन ‘बलादिव’ म्हणतो, बळजबरी झाल्यासारखं वाटतं म्हणतो, आणि ती कुणाची हे विचारतो. उत्तर येतं : काम आणि क्रोध, त्यांना वैरी समज. दुर्योधनाने ‘इव’ ठेवलेला नाही. हृदयातला कुणी देव करवतो आणि मी करतो, इथे त्याचं बोलणं संपतं. त्याला विचारायचं काहीच उरलेलं नाही.

तिसऱ्या प्रश्नाचं माझं उत्तर यातून निघतं. वाईट करताना ज्याला आत टोचतं, त्याला ही म्हण लागू. ज्याची टोचणी बोथट झाली तो निर्ढावलेला, लोकांच्या बोलण्याचंही ज्याला काही वाटत नाही तो कोडगा, आणि दुसऱ्याच्या वेदनेत ज्याला सुख मिळतं तो दुष्ट. या तिघांच्या बाबतीत ही म्हण वापरू नये. यांतला कुणी एका दिवसात तसा होत नाही, हेही खरं. तोच नकार पुन्हा पुन्हा दिला की कळणंही हळूहळू मंद होत जातं. हक्कसोडपत्रावर सही घेणारा भाऊ पहिल्या बहिणीच्या वेळी अजून म्हणीच्या हद्दीत असेल. धाकटीच्या वेळी त्याने तोच कागद सहज पुढे सरकवला, तर मी त्याला निर्ढावलेला म्हणेन.