ज्यू धर्मशास्त्रात शेवटचा शब्द कोणाचा असतो?

प्रश्न असा आहे: "ज्यू धर्मात पोप नाही, शंकराचार्यांसारखी पीठंही नाहीत. मग शास्त्राच्या मुद्द्यावर मतभेद झाला तर शेवटचा शब्द कोणाचा? तालमूद हे त्यांचं कायद्याचं पुस्तकच आहे ना?"

एका ओळीत उत्तर हवं असेल तर: बहुमताचा. देवाची साक्षसुद्धा तिथे एकदा फेटाळली गेली आहे. ती गोष्ट पुढे सांगतो.

मी ज्यू नाही. व्यवसाय वकिलीचा, त्यामुळे या परंपरेत माझा जीव रमला तो तिच्या वाद घालण्याच्या पद्धतीत. उत्तरही त्याच अंगाने देतोय. भक्तीचं अंग ज्यांना अधिक कळतं त्यांनी भर घालावी.

आधी दुसरा भाग. तालमूद हे कायद्याचं पुस्तक नव्हे, वादांचं दफ्तर आहे. इ.स. ७० मध्ये रोमनांनी जेरुसलेमचं मंदिर पाडलं. यज्ञ थांबले, पुरोहितांचं काम संपलं आणि सूत्रं पंडितांच्या, म्हणजे रब्बींच्या हातात आली. इ.स. २०० च्या सुमारास रब्बी यहुदा हनासी यांनी तोवर तोंडी चालत आलेलं शास्त्र संकलित केलं. ती मिश्ना. सहा विभाग, ६३ प्रकरणं. मग पुढची तीन-चार शतकं बाबिलोनियातल्या (आजचा इराक) आणि पॅलेस्टाइनमधल्या पाठशाळांनी त्या मिश्नेचा एकेक शब्द पिंजला. ती चर्चा म्हणजे गेमारा. दोन्ही मिळून तालमूद. बाबिलोनी तालमूद जास्त प्रमाण मानला जातो आणि त्याची २,७११ पानं आहेत. ही 'पानं' पोथीसारखी, दोन्ही बाजूंनी छापलेली.

त्याचं एक पान उघडून बघाच, भाषा कळली नाही तरी चालेल. मधोमध मूळ मजकूर, विरामचिन्हांशिवाय. बांधणीकडच्या समासात ११व्या शतकात फ्रान्समध्ये झालेल्या राशी नावाच्या रब्बीचं भाष्य. बाहेरच्या समासात तोसाफोत, म्हणजे राशीच्या नातवांनी आणि त्यांच्या शिष्यांनी लिहिलेली टिपणं, ज्यात आजोबांचं म्हणणं खुशाल खोडून काढलेलं असतं. ही मांडणी रूढ झाली ती १५२०-२३ मध्ये व्हेनिसला छापलेल्या प्रतीपासून, आणि तो छापखाना चालवणारा डॅनियल बॉम्बर्ग ख्रिस्ती होता. शतकानुशतकांच्या अंतराने जगलेली माणसं एकाच पानावर भांडतात, आणि कित्येकदा भांडण 'तेकू' या शब्दावर थांबतं. म्हणजे मुद्दा अनिर्णित, तसाच राहू दे.

आता ती देवाची गोष्ट. वाद होता मातीच्या एका तंदूरवरून. मातीचं भांडं विटाळलं तर ते शुद्ध करता येत नाही, फोडावंच लागतं. फुटलेल्या भांड्याला मात्र विटाळ लागत नाही. सोवळ्याओवळ्याच्या घरात वाढलेल्या मराठी माणसाला हे समजावून सांगायला नको. कुणीतरी तंदूर आडवा कापून कडी कडी केली, मध्ये वाळू भरली आणि पुन्हा उभा केला. आता हे भांडं अखंड की फुटकं? रब्बी एलिएझर म्हणाले फुटकं, म्हणून शुद्धच राहणार. बाकी सगळे म्हणाले अखंड, विटाळ लागणार.

एलिएझरनी जगातले सगळे युक्तिवाद केले, पण कोणी ऐकेना. तेव्हा ते म्हणाले, मी खरा असेन तर हे कॅरोबचं झाड साक्ष देईल. झाड मुळासकट शंभर हात दूर गेलं. समोरचे म्हणाले, झाड हा पुरावा होत नाही. मग ओढा उलटा वाहिला. तोही पुरावा नाही. मग पाठशाळेच्या भिंती झुकायला लागल्या, तशी रब्बी यहोशुआंनी भिंतींनाच झापलं: पंडित शास्त्रावर वाद घालतायत, तुमचा काय संबंध? त्यांचा मान राखून भिंती पडल्या नाहीत आणि एलिएझरचा मान राखून सरळही झाल्या नाहीत. शेवटी आकाशवाणी झाली की एलिएझरचंच बरोबर आहे. यहोशुआ उभे राहिले आणि तोरेतलंच (तोरा म्हणजे ज्यूंचा मूळ धर्मग्रंथ, मोशेची पाच पुस्तकं) वाक्य म्हणाले: "ती स्वर्गात नाही." तोरा एकदा माणसांना दिली, आता आकाशवाणी मोजायची नाही, बहुमत मोजायचं. या बहुमताला आधार म्हणून तोरेतला जो तुकडा देतात तो मुळात 'बहुसंख्यांच्या मागे लागून वाईट करू नकोस' अशा वाक्यातून उचललेला आहे. आमच्या धंद्यात हे रोज चालतं. आणि देव? तो हसला म्हणे, "माझ्या मुलांनी मला हरवलं."

लोक गोष्ट इथवरच सांगतात आणि टाळ्या घेतात. तालमूद इथे थांबत नाही. त्या दिवशी एलिएझरनी शुद्ध ठरवलेल्या वस्तू आणून जाळल्या गेल्या आणि त्यांना बहिष्कृत केलं गेलं. निरोप कोण सांगणार? त्यांचे शिष्य अकिवा काळे कपडे घालून गेले आणि चार हात लांब बसले. "आज काय वेगळं आहे?" "गुरुजी, मला वाटतं मित्र तुमच्यापासून दूर राहतायत." म्हाताऱ्याच्या डोळ्यांतून पाणी आलं, आणि जगातल्या ऑलिव्हचा, गव्हाचा, सातूचा तिसरा हिस्सा करपला. बहिष्काराच्या वेळी अध्यक्षपदी असलेले गमलिएल पुढे मेले तेही एलिएझरच्या तळतळाटाने, असं तालमूद सूचित करतो.

ही गोष्ट ज्या प्रकरणात आहे त्याचा विषय कायदेमंडळ किंवा बहुमत नाहीच. विषय आहे शब्दांनी दुसऱ्याला दुखावणं. घ्यायचं नसताना दुकानदाराला भाव विचारू नये, सुधारलेल्या माणसाला त्याची जुनी कृत्यं ऐकवू नयेत, चारचौघांत कुणाची मान खाली घालायला लावणं म्हणजे रक्त सांडणं, असे नियम सांगता सांगता हा तंदूर येतो. बहुमताचा निर्णय योग्य, आणि हरलेल्या माणसाशी वागणं चुकीचं. संपादकांना दोन्ही नोंदवायचं होतं. तालमुदात दुसरीकडे एलिएझरचा शेवट आहे. मरणशय्येवरही त्यांना शुद्धाशुद्धतेचेच प्रश्न विचारले जातायत. साच्यावर चढवलेला, अजून काढलेला नाही असा जोडा? "शुद्ध," म्हणाले आणि गेले. बहिष्कार उठला असं उभं राहून जाहीर करणारे कोण, तर तेच यहोशुआ.

हरलेलं मत पुसायचं नाही, ही या परंपरेची मला सर्वांत आवडलेली शिस्त. मिश्ना स्वतःच विचारते की निर्णय बहुमताने होतो तर एकट्यादुकट्याचं मत लिहून का ठेवायचं? एक उत्तर: उद्याच्या न्यायसभेला त्याचा आधार घ्यावासा वाटला तर ते हाताशी असावं. लगेच दुसऱ्याचं उत्तर नेमकं उलटं: उद्या कुणी ते मत काढून मिरवायला लागला तर 'हे कधीच फेटाळलं गेलंय' असं दाखवता यावं. फौजदारीत तर याहून पुढची गोष्ट. देहान्ताच्या खटल्यात सगळेच न्यायाधीश 'दोषी' म्हणाले तर आरोपीला सोडा, असं रब्बी काहना सांगतात. बाजूने बोलणारा एकही नसावा हेच संशयास्पद. अकिवा आणि तार्फोन म्हणाले, आम्ही न्यायसभेत असतो तर कुणालाच फाशी झाली नसती. त्यावर शिमोन बेन गमलिएलचा शेरा: मग तुम्ही खुनी वाढवले असते. आजही या विषयावर याच दोन बाजू ऐकू येतात.

हा गोंधळ कायमचा मिटवायचा प्रयत्न झाला नाही असं नाही. १२व्या शतकात इजिप्तमध्ये मायमोनिडीस या रब्बीने सगळं शास्त्र १४ भागांत, विषयवार, स्वच्छ हिब्रूत लिहून काढलं. (याचा धाकटा भाऊ डेव्हिड हिंदुस्थानच्या व्यापारासाठी निघाला असताना समुद्रात बुडाला, आणि त्या धक्क्याने हा वर्षभर अंथरुणाला खिळला होता.) ग्रंथ अप्रतिम, पण त्याने वाद आणि आधार गाळून फक्त निर्णय दिले. दक्षिण फ्रान्समधल्या रब्बी अब्राहम बेन डेव्हिडने त्यावर जहाल टिपणं लिहिली, आणि ती आज मूळ ग्रंथाच्या शेजारीच छापतात. चार शतकांनी योसेफ कारोचा 'शुल्हान आरूख' हा तसाच नियमांचा ग्रंथ आला, १५६५ मध्ये छापला गेला. क्राकोच्या मोशे इस्सेर्लेसने 'आमच्याकडे असं करत नाहीत' म्हणून जागोजागी पुरवणी जोडली. तो ग्रंथ सर्वमान्य झाला तो या पुरवणीसकट.

म्हणजे व्यवहारात काय होतं? माणूस आपल्या रब्बीला विचारतो, रब्बी आधार देऊन लेखी उत्तर देतो, ते उत्तर विचारणाऱ्याला लागू. शेजारच्या गावचा रब्बी वेगळं सांगू शकतो. अशा प्रश्नोत्तरांचे हजारो खंड आहेत. आपण इथे करतोय तेच, फक्त हजार-बाराशे वर्षांपासून आणि बऱ्याच जास्त जबाबदारीने.

पण 'पोप नाही' हे एका ठिकाणी खोटं पडतं. १९५३ च्या कायद्याने इस्रायलमध्ये ज्यूंचे विवाह-घटस्फोट धर्मन्यायालयांच्या ताब्यात आहेत. मतामागे सरकारी शिक्का आला की ते मत राहत नाही. याचा फटका बसला तो आपल्याच माणसांना. कोकणातले बेने इस्रायल, म्हणजे आपले पेणकर, रोहेकर, नवगावकर, घरी मराठी बोलणारे, शनिवार पाळायचे म्हणून 'शनवार तेली'. ते इस्रायलला गेले, आणि तिथल्या काही रब्बींनी त्यांचे इतर ज्यूंशी विवाह लावायला नकार दिला. शंका अशी की कोकणात शतकानुशतकं शास्त्रोक्त घटस्फोटपत्राचा विधी माहीत नव्हता. तेव्हा पूर्वी कुणी घटस्फोटितेने पुन्हा लग्न केलं असेल तर तिची संतती शास्त्राने विवाहास अपात्र. १९६१ मध्ये मुख्य रब्बीमंडळाने विवाहांना मान्यता दिली, पण १९६२ च्या निर्देशांत आईकडच्या पिढ्या तपासायची अट घातली, आणि तीही या समाजाचं नाव घेऊन.

शुद्धाशुद्धतेचा तोच खल, फक्त तंदूरऐवजी माणसं. बहुमत-अल्पमत, आधार, टीका यातलं काही उपयोगी पडलं नाही. १९६४ मध्ये लोक जेरुसलेमच्या रस्त्यावर उतरले, सरकार आणि संसदेने ते सर्वार्थाने ज्यू असल्याचं जाहीर केलं, आणि रब्बीमंडळाने निर्देश बदलले. काढलं काय, तर 'बेने इस्रायल' हे नाव. ज्याच्या वंशाबद्दल शंका असेल अशा कुणाचीही चौकशी करायची तरतूद तशीच ठेवली.