खड्ड्यावरची माटोळी आणि पंचायतीची नोटीस

प्रश्न : मी 71 वर्षांचा निवृत्त शिक्षक, गोव्यात डिचोली तालुक्यात राहतो. घरासमोरच्या रस्त्याला खड्डा पडून दोन पावसाळे गेले. गणेश चवथीआधी मी त्यावर चार बांबू रोवून माटोळी, म्हणजे गणपतीच्या वर टांगतात ती फळांची चौकट, बांधली. कवंडळं-आंबाड्यांऐवजी त्याच खड्ड्यात सापडलेले आरशाचे तुकडे, मडगार्ड, कुणाची तरी चप्पल टांगली. फळ्यावर लिहिलं, ‘दुरुस्तीचे पैसे पंचांनी खाल्ले.’ आता पंचायतीची नोटीस आलीय : तीन दिवसांत काढा, लेखी माफी द्या, नाहीतर पोलीस केस. ठाण्यातूनही ‘येऊन जा’ म्हणून फोन आला. काय करू?

उत्तर : मास्तर, माफीवर सही करू नका. तोच कागद उद्या कबुली म्हणून तुमच्यापुढे ठेवतील. निषेधाचा हक्क तुम्हाला घटनेच्या कलम 19 ने दिलाय. आणि चांगला रस्ता हा कलम 21 खालच्या हक्काचा भाग आहे, असं आपल्या मुंबई उच्च न्यायालयाने 2015 मध्येच म्हटलंय.

बांबू मात्र आजच काढा, फोटो घेऊन. रस्त्यात रोवलेला बांबू हा अडथळाच. भारतीय न्याय संहितेचं कलम 285 लागू शकतं. त्यात पाच हजारांपर्यंत दंड आहे, कैद नाही. मला दंडापेक्षा रात्री तिथून जाणाऱ्या दुचाकीवाल्याची काळजी वाटते. माटोळीत आणखी एका चपलेची भर पडायला नको. तीच माटोळी तुमच्या कुंपणाच्या आत, रस्त्यावरून दिसेल अशी बांधा.

फळ्यावरची ओळही पुसा. हातात कागद नसताना ‘खाल्ले’ म्हणणं बदनामीच्या कलम 356 कडे नेतं. खड्डा कधी पडला, अर्ज कधी दिले, एवढ्या तारखा लिहा. बाकीचे कागद माहिती हक्काखाली मागा : रस्ता साबांखाचा (सार्वजनिक बांधकाम खात्याचा) की पंचायतीचा, शेवटचं डांबरीकरण कधी, कंत्राटदार कोण, मोजमाप वहीची (झालेल्या कामाच्या नोंदीची) प्रत. फी 10 रुपये, उत्तर 30 दिवसांत यायला हवं.

फोनवरच्या बोलावण्यावरून ठाण्यात जाऊ नका; लेखी मागा. साक्षीदार म्हणून हवे असाल, तर साठीपुढच्या माणसाकडे पोलिसांनीच घरी यायचं असतं. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 179 तेच सांगतं. त्याच संहितेच्या कलम 35 ची, म्हणजे संशयिताला हजर राहायला सांगणारी नोटीस आली, तर मात्र दिलेल्या वेळी हजर राहा, वकिलाला सोबत घेऊन. नोटीस पाळणाऱ्याला सहसा अटक होत नाही.

पंचायतीला तीन दिवसांच्या आत चार ओळी लिहा : अडथळा काढला आहे, माफी मागण्यासारखं काही केलेलं नाही, खड्डा किती तारखेला बुजवणार ते लेखी कळवा. आणि पोच घेतल्याशिवाय तिथून उठू नका.