जुन्या चिनी सिनेमातला कोणता नट आवर्जून पाहावा? त्याचं आयुष्य कसं होतं?

झाओ दान. १९३७ चा ‘स्ट्रीट एंजेल’ आधी बघा. त्यात तो शांघायच्या गल्लीतला बँडवाला आहे, वरातीत ट्रम्पेट वाजवणारा. समोरच्या खिडकीतली मुलगी (गायिका झोउ श्वान) गाते आणि हा आपल्या खिडकीत बसून अर्हू, म्हणजे दोन तारांचं वाद्य, वाजवत तिला साथ देतो. पुढे गैरसमज होतो. हा दारू पिऊन येतो, पैसे टाकतो आणि तिला तेच गाणं म्हणायला लावतो. गाणं तेच, पण आता ते ऐकवत नाही. तेव्हा तो जेमतेम बावीस वर्षांचा होता, हे मला अजून खरं वाटत नाही.

जन्म १९१५ चा, बालपण शांघायजवळच्या नानतोंग शहरात गेलं. वडिलांचं तिथे थिएटर होतं. शांघायला तो आला चित्रकला शिकायला आणि नाटक-सिनेमात रमला. १९३५ मध्ये इब्सेनच्या ‘डॉल्स हाउस’मध्ये नोराच्या नवऱ्याचं काम त्याने केलं. नोरा होती लान पिंग. हीच पुढे माओची पत्नी चियांग चिंग झाली.

१९३९ मध्ये नाटक करायचं म्हणून तो चीनच्या वायव्य टोकाच्या शिनजियांग प्रांतात गेला. तिथल्या लष्करी सत्ताधीशाने त्याला तुरुंगात डांबलं. सुटायला १९४५ उजाडलं. तो मेला अशी बातमी घरी पोचली होती आणि बायकोने दुसरं लग्न केलं होतं.

तरी तो पुन्हा उभा राहिला. ‘क्रोज अँड स्पॅरोज’मधला झटपट श्रीमंतीच्या मागे लागलेला त्याचा फेरीवाला माझ्या मते त्याचं सर्वोत्तम काम. कम्युनिस्टांशी लढणाऱ्या चँग कै-शेकच्या सरकारने या सिनेमाचं चित्रीकरण थांबवलं होतं. शांघाय कम्युनिस्टांच्या हाती गेल्यावर ते पुरं झालं.

मग नव्या राजवटीचाही फटका बसला. भीक मागून गरिबांसाठी शाळा काढणाऱ्या वू शुनची भूमिका त्याने जीव ओतून केली होती. मे १९५१ मध्ये खुद्द माओने ‘पीपल्स डेली’ या पक्षाच्या मुखपत्रातून त्या सिनेमावर हल्ला चढवला. पुढची काही वर्षं त्याच्या वाट्याला फारसं काम आलं नाही. १९५९ मध्ये मात्र त्याने अफू नष्ट करणारा अधिकारी लिन झशू साकारला. (इंग्रजांच्या त्या व्यापारात मुंबई बंदरातून गेलेली माळव्याची अफूही होती.)

१९६५ नंतर त्याचा एकही सिनेमा नाही. सांस्कृतिक क्रांतीत (माओने १९६६ मध्ये सुरू केलेली राजकीय मोहीम) चियांग चिंगच्या हाती सत्ता होती आणि तिचा शांघायमधला भूतकाळ माहीत असलेल्यांत हा होता. पुन्हा पाच वर्षांहून अधिक तुरुंग. सुटल्यावर चीनचे पंतप्रधान चौ एन-लाय पडद्यावर साकारायची त्याची फार इच्छा होती. तेही झालं नाही.

८ ऑक्टोबर १९८० ला, कॅन्सरने अंथरुणाला खिळलेला असताना, त्याचा लेख ‘पीपल्स डेली’त छापून आला. पक्षाने कलेच्या बारीकसारीक गोष्टींत हात घातला तर कलेला आशा नाही, असं त्याने त्यात स्पष्ट म्हटलं होतं. दोनच दिवसांनी तो गेला.