वाचकांचे प्रश्न: 'काजळी'चं गुपित हजार वर्षं टिकेल का?

प्रश्न: ताई, दोन वर्षं झाली मी एक फॅन्टसी कादंबरी लिहितेय. माझ्या जगात राजाचे दिवे लोकांच्या आठवणींवर जळतात, म्हणजे दर घरानं वर्षाला एक आठवण कर म्हणून द्यायची आणि ती दिव्यात गेली की माणूस ती कायमची विसरतो. पण काजळीत ती आठवण थोडी उरते, काजळी हुंगली की कळते. ती काजळी चोरून जपणारं एक गुप्त मंडळ आहे, त्याचं नावच 'काजळी'. हजार वर्षं जुनं, दहा हजार मेंबर, प्रत्येकाच्या तळहातावर काळी खूण, राजवाड्याखाली मोठा हॉल. मैत्रिणीनं वाचून सांगितलं की मजा येते पण हे लोक गुप्त आहेत असं कुठे वाटतच नाही. काय चुकतंय?

उत्तर: आधी हे सांगते की काजळीची कल्पना मला मनापासून आवडली, ती सोडू नका. पण मैत्रिणीचं बरोबर आहे. खूण, हॉल, अंधार हे सगळं तुम्ही मांडलंत, पण गुपित सांभाळणं हे रोजचं काम असतं आणि ते काम करताना तुमचं एकही कॅरेक्टर मला दिसलं नाही. घरी उशिरा आल्यावर बायकोला काय सांगायचं, हाताला लागलेली काजळी कुठे धुवायची, पोरानं कुठे बोलून टाकलं तर काय करायचं, हे कुठेच नाही.

आता दहा हजारांचं बघू. डेव्हिड रॉबर्ट ग्राइम्स नावाच्या संशोधकानं २०१६ मध्ये, उघडकीला आलेल्या काही खऱ्या प्रकरणांवरून, एखादा कट किती माणसांत किती वर्षं टिकू शकतो याचं गणित मांडलं होतं. त्यात पाच वर्षं टिकवायचं तर माणसं जास्तीत जास्त २५२१, दहा वर्षांच्या वर न्यायचं तर हजाराच्या आत आणि शंभर वर्षं न्यायचं तर १२५ च्या आत. हे एक मॉडेल आहे, देववाणी नव्हे, पण वाचकाच्या मनातही असाच काहीतरी हिशोब चालू असतो, त्यामुळे दहा हजार माणसं हजार वर्षं गप्प राहिली म्हटलं की त्याचा विश्वास उडतो.

पण थांबा, लगेच आकडा खोडू नका, कारण एक उदाहरण याच्या अगदी उलट आहे आणि ते तुमच्या कामाचं आहे. अथेन्सजवळ एल्युसिस इथे देमेतर देवीचे गुप्त विधी हजार वर्षांहून जास्त काळ चालले, इसवी सनाच्या चौथ्या शतकाच्या शेवटापर्यंत. हजारो लोकांनी दीक्षा घेतली, त्यात बायका होत्या, गुलामसुद्धा होते, आणि आत नेमकं काय दाखवायचे ते आजही पक्कं कुणाला माहीत नाही. फोडणाऱ्याला मृत्युदंड होता हे खरं, पण मला वाटतं मुख्य कारण वेगळं आहे, ते गुपित म्हणजे एक अनुभव होता, आणि अनुभव बाहेर जाऊन सांगितला तरी ऐकणाऱ्याच्या हाती फारसं काही लागत नाही. माहितीचं तसं नसतं, ती एका वाक्यात फुटते.

तुमच्या 'काजळी'त हे दोन्ही एकाच पिशवीत भरलंय. काजळी हुंगल्यावर आपल्या मेलेल्या आईचा आवाज परत येतो, हा अनुभव दहा हजार लोकांनी घेतलेला चालेल, हजार वर्षंही चालेल, कारण ज्यानं घेतला तो स्वतःहूनच जपेल. पण काजळी कुठे ठेवलीय, राजाच्या दिवेघरात आपला माणूस कोण, ही माहिती फार तर वीस-पंचवीस जणांत ठेवा. त्या वीसांनाही एकमेकांची ओळख असायला नको. कौटिल्यानं अर्थशास्त्रात हेरांबद्दल हेच म्हटलंय, त्यांनी एकमेकांना ओळखू नये, आणि तीन वेगवेगळ्या हेरांची खबर जुळली की मगच ती खरी धरावी. शिवाय त्याचे आतल्या गोटातले हेर बघा, स्वयंपाकी, आंघोळ घालणारे, अंग चेपणारे, म्हणजे घरात असूनही ज्यांच्याकडे कुणी बघत नाही असे लोक. तुमच्याकडे तर दिवे पुसणारे आयतेच आहेत! राजवाड्याखालचा हॉल कशाला हवा, ते रोज उजेडात राजासमोर काजळी झाडतात की.

भाषाही तिथूनच घ्या. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला इटलीत कार्बोनारी नावाची गुप्त संघटना होती, नावाचा अर्थ कोळसा पाडणारे. सगळे शब्द त्याच धंद्यातले, शाखेला म्हणायचे 'विक्री', जुलमी सत्ताधीश म्हणजे 'लांडगे', आणि मेंबर एकमेकांचे 'चांगले चुलतभाऊ'. चारचौघांत बोलले तरी धंद्याचंच बोलणं वाटावं. मग तुमच्याकडे 'वात कापली' म्हणजे खबऱ्या संपवला, 'तेल कमी आहे' म्हणजे आज भेटायचं नाही, असं का होऊ नये? वाचकाला अर्थ समजावून सांगू नका, तिसऱ्यांदा ऐकला की त्याचा त्याला लागतो, आणि तेव्हा त्याला आपणही मंडळात आलो असं वाटतं, दीक्षेच्या दहा पानी वर्णनानं जे होत नाही ते यानं होतं.

प्रश्न (त्याच पत्रात): दीक्षेचा प्रसंग रक्तानं शपथ असा आहे, बदलू का?

उत्तर: बदलाच. अठराव्या शतकातल्या एका जर्मन मंडळाची सांकेतिक लिपीतली १०५ पानांची वही २०११ मध्ये उलगडली, त्यात नवीन माणसाला कोरा कागद वाचायला देतात. त्याला अर्थातच वाचता येत नाही, मग चष्मा देतात, तरी नाही, मग डोळ्यांवर 'ऑपरेशन' म्हणून भुवईचा एक केस उपटतात, आणि मग खरा मजकूर समोर ठेवतात. मला हे वाचून अंगावर काटा आला होता, एवढ्याशा केसात 'तू आत्तापर्यंत आंधळा होतास' हे सगळं आलं. तुमच्या माणसाला काजळी हुंगायला द्या आणि पहिल्यांदा त्याला नुसता धूर लागू द्या.

प्रश्न (दुसऱ्या वाचकाचा): माझ्या कथेतलं मंडळ शेवटी पकडलं जातं, पण फितूर झालेला माणूस फार वापरून झालाय. दुसरं काय?

उत्तर: कागद. जर्मनीतल्या बव्हेरियातलं इल्युमिनाटी नावाचं गुप्त मंडळ १७७६ मध्ये सुरू झालं, सगळ्यांना टोपणनावं होती, संस्थापक वाईशाउप्ट स्वतःला स्पार्टाकस म्हणवायचा, आणि एवढी काळजी घेऊनही १७८६ मध्ये एका मेंबरच्या घरी धाड पडली तेव्हा कागदपत्रं सापडली आणि सरकारनं ती पुढच्या वर्षी छापूनच टाकली. ज्याला आठवण म्हणून एक पत्र जाळवत नाही असं एखादं कॅरेक्टर आहे का तुमच्याकडे? असेल तर ते पत्र पहिल्या चॅप्टरमध्येच त्याच्या पेटीत ठेवून द्या.