फ्रान्सच्या ओद जिल्ह्यात 2024 च्या संसदीय निवडणुकीत कोण जिंकलं?

तिन्ही जागा मारीन ल पेन यांच्या नॅशनल रॅली या अतिउजव्या पक्षानं जिंकल्या, 2022 सारख्याच. खरी गंमत त्याआधीची. 2012 मध्ये तिन्ही समाजवाद्यांच्या, 2017 मध्ये तिन्ही माक्राँच्या पक्षाच्या! म्हणजे ओदचे मतदार खासदार बदलतात ते घाऊक भावात. लेओं ब्लूम यांच्यासारखा समाजवादी नेता याच जिल्ह्यातल्या नारबॉनचा खासदार होता, हे आज सांगूनही खरं वाटत नाही.

2024 ला कार्कासॉनच्या जागेवर डाव्यांनी फिलिप पुतू यांना उभं केलं. तीनदा राष्ट्राध्यक्षपदासाठी लढलेला हा फोर्डचा माजी कामगार, पण इथे पडला उपरा. आपटला.

पहिल्या फेरीत निम्म्याहून जास्त मतं (आणि नोंदणीकृत मतदारांच्या किमान 25 टक्के) मिळाली नाहीत तर दुसरी फेरी होते. 2024 ला ती 7 जुलैला होती.